कापुथचा संवाद : श्रद्धा कोणाची?

विसाव्या शतकात भौतिकी आणि अध्यात्म यांचा मेळ घालण्याचे जे प्रयत्न झाले, त्यांत रवींद्रनाथ टागोर आणि अल्बर्ट आइन्स्टाइन यांच्या संवादाचा आधार वारंवार घेतला जातो. १४ जुलै १९३० रोजी बर्लिनजवळच्या कापुथ येथे, आइन्स्टाइन यांच्या घरी हा संवाद झाला. पुढील वर्षी प्रसिद्ध झालेल्या रवींद्रनाथांच्या ‘द रिलिजन ऑफ मॅन’ या ग्रंथात तो परिशिष्टरूपाने समाविष्ट आहे.

माणूस नसेल तर सत्य उरेल काय, हा त्यातील कळीचा प्रश्न. सौंदर्य मानवसापेक्ष आहे, हे आइन्स्टाइन यांना मान्य होते. पायथागोरसचा सिद्धांत मात्र माणसावाचूनही खराच राहील, असे ते म्हणत. रवींद्रनाथांना सत्यही विश्वमानवाच्या मनाशी निगडित वाटे. कागद खाणाऱ्या कसरीच्या लेखी साहित्य अस्तित्वातच नसते, हा त्यांचा दृष्टांत कवीला शोभणारा आहे. अखेरीस आपली भूमिका सिद्ध करता येत नाही, ती आपली श्रद्धा आहे, असे आइन्स्टाइन यांनी मान्य केले. पुरावा विज्ञानाकडे आणि श्रद्धा धर्माकडे, ही रूढ वाटणी येथे कोलमडते.

पुढे पुंजभौतिकीने रवींद्रनाथांचाच पक्ष सिद्ध केला, असे काही भाष्यकार मानू लागले. आलँ आस्पे यांच्या १९८२ मधील प्रयोगांनी आइन्स्टाइन यांच्या वास्तवविषयक कल्पनेला धक्का दिला, हे खरे. या संशोधनाला २०२२ मध्ये नोबेल पारितोषिकही लाभले. परंतु या प्रयोगांत मापन करते ते यंत्र. रवींद्रनाथांचा विश्वमानव प्रेम करतो, गातो, मूल्ये निर्माण करतो. दोहोंना ‘साक्षी’ म्हटल्याने त्यांचा अर्थ एक होत नाही.

शब्दसाम्यावर उभारलेल्या अशा समन्वयात हानी श्रद्धेचीच अधिक होते. प्रयोगाच्या आधाराने टिकणारा ईश्वर पुढच्या प्रयोगाने डळमळू शकतो. स्पिनोझाच्या ईश्वरावर आपला विश्वास आहे, असे १९२९ मध्ये सांगणाऱ्या आइन्स्टाइन यांनी त्यासाठी कोणत्याही समीकरणाची साक्ष काढली नव्हती. रवींद्रनाथांनीही आपल्या प्रतीतीसाठी प्रयोगशाळेचे प्रमाणपत्र मागितले नाही. कापुथच्या संवादात मतभेद शेवटपर्यंत मिटत नाही, तरी परस्परांविषयीचा आदर ढळत नाही. त्याचे वाङ्मयीन मोल याच प्रामाणिकपणात आहे.