कल्पित पंचांगाची कसोटी

जे. आर. आर. टॉल्कीनच्या 'द रिटर्न ऑफ द किंग' (१९५५) या खंडाच्या शेवटी काही परिशिष्टे आहेत. त्यांतले एक कालगणनेवर आहे आणि बहुतेक वाचक ते न वाचताच पुस्तक मिटतात. कल्पित पंचांग कशाने जिवंत होते, याचे उत्तर मात्र तिथेच सापडते.

हॉबिट लोकांच्या शायर या प्रदेशाचे वर्ष असे : तीस दिवसांचे बारा महिने आणि कोणत्याही महिन्यात न मोजलेले पाच सणाचे दिवस. त्यांतल्या मध्यवर्षाच्या दिवसाला वारही नाही. त्यामुळे उरलेल्या ३६४ दिवसांचे बरोबर ५२ आठवडे होतात आणि दरवर्षी ठरावीक तारखेला ठरावीकच वार येतो. एवढे गणित कोणीही हुशार लेखक जमवील. टॉल्कीन पुढे सांगतो की या सुधारणेनंतर शायरमध्ये पत्रावर वार लिहिण्याची तसदी कोणी घेईना. घरी ही सोय उत्तम होती, पण जवळच्या ब्री गावापलीकडे प्रवास करणाऱ्याची पंचाईत होई. गावाबाहेर न पडणाऱ्या समाजाचा सगळा स्वभाव या एका तपशिलात उतरला आहे. शायरचे पहिले वर्षही जगाच्या आरंभापासून मोजलेले नाही. हॉबिट नदी ओलांडून त्या भूमीत आले, तिथून ते सुरू होते.

अर्सुला ले ग्विनच्या 'द लेफ्ट हँड ऑफ डार्कनेस' (१९६९) मध्ये चालू वर्ष नेहमीच पहिले असते. मागची-पुढची वर्षे त्याच्यापासून मोजायची. कल्पना म्हणून ही अधिक धाडसी आहे. तरीही जुन्या नोंदींसाठी तिथल्या लोकांना राजांच्या कारकिर्दींचा आणि गाजलेल्या घटनांचा आधार घ्यावाच लागतो, हे लेखिका नोंदवते. या कबुलीमुळेच ती कालगणना विश्वसनीय होते. निर्दोष पंचांग हे कोष्टक असते. वापरातल्या पंचांगाला ठिगळे असतात.

ही कसोटी उल्हास नदीच्या खोऱ्यात लावून पाहावी. अंबरनाथच्या शिवालयातला शिलाहार राजा मुम्मुणीचा शिलालेख शके ९८२ चा, म्हणजे इ. स. १०६० चा आहे. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो आकडा ७८२ असा वाचला होता. पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी ९८२ वाचला. एका अंकाने मंदिराचे वय दोनशे वर्षांनी बदलले. राजा शिलाहारांचा, पण शक त्यांचा नाही, हेही लक्षात घ्यावे.

शेजारचे उल्हासनगर १९४९ मध्ये नामकरण झालेले शहर. फाळणीनंतर सिंधी निर्वासित कल्याणच्या लष्करी छावण्यांत आले आणि आजही तिथला पत्ता 'कॅम्प नंबर चार' असा सांगितला जातो. हे लोक चैत्र शुद्ध द्वितीयेला चेटीचंड साजरा करतात, आपल्या पाडव्याला लागूनच. झुलेलाल ही पाण्याची देवता. सिंधू नदी मागे राहिली, तिथी मात्र सोबत आली. शायरच्या वर्षगणनेत जे स्थलांतर टॉल्कीनने कल्पिले, ते इथे लोकांनी भोगले आहे.

बदलापूरच्या आसपासच्या भातशेतीत जून उजाडला की डोळे मृग नक्षत्राकडे लागतात. दख्खनच्या सुलतानीतून मराठी दफ्तरात आलेला शुहूर सन याच मृगापासून सुरू होई, म्हणून त्याला मृगसाल म्हणत. वर्षांची नावे अरबी, आरंभ पावसाळ्याचा आणि लेखणी मोडीची! शिवाजी महाराजांनी १६७४ मध्ये राज्याभिषेक शक सुरू केला, तेव्हा वर्षांचा आकडा नवा झाला, तिथी जुन्याच राहिल्या आणि शुहूर सनही दफ्तरातून गेला नाही. सत्ता बदलली तरी सारा भरायचा हंगाम बदलत नाही.

याउलट उदाहरण भारतीय राष्ट्रीय दिनदर्शिकेचे. मेघनाद साहा यांच्या समितीने ती सुचवली आणि २२ मार्च १९५७ रोजी, १ चैत्र १८७९ म्हणून, ती लागू झाली. वैशाख ते भाद्रपद हे पाच महिने ३१ दिवसांचे, अधिक मासाची भानगड नाही. शास्त्रदृष्ट्या ती चोख आहे. राजपत्रावर ती छापली जाते, पण तिच्यावरून कोणी गुढी उभारत नाही की उपास सोडत नाही. तिच्यात कोणाचे येणे नाही, कोणाचे देणे नाही.

मराठीत अद्भुतकथा लिहू पाहणाऱ्याने नकाशा आणि राजवंश रचण्यापूर्वी हा फरक ओळखायला हवा. महिन्यांना नादमधुर नावे देऊन पंचांग होत नाही. त्या जगात वर्ष कोणाच्या येण्यापासून मोजतात, कोणता सण जुन्या भूमीतून आला, सारा कोणत्या महिन्यात भरतात आणि कोणत्या आकड्यावरून वाद आहे, ही उत्तरे लेखकाकडे हवीत. कथेत ती सगळी सांगायची गरज नाही. पण ती ठाऊक असलेल्या लेखकाच्या पात्राने नुसते 'उद्या' म्हटले, तरी त्या उद्याला वजन येते.