गॅलाड्रिएलचा आरसा : भविष्यदर्शन आणि नकार

भविष्य दाखविणारी जादूची वस्तू कथेत आली की लेखकापुढे एक पेच उभा राहतो. दिसलेले दृश्य अटळ असेल, तर पात्रांच्या निर्णयाला अर्थ उरत नाही. ते टाळता येण्याजोगे असेल, तर त्या दर्शनाला सत्य कोणत्या आधारावर म्हणावयाचे? जे. आर. आर. टॉल्किन (१८९२–१९७३) यांच्या १९५४-५५ मध्ये तीन खंडांत प्रसिद्ध झालेल्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या कादंबरीतील गॅलाड्रिएलचा आरसा हे या पेचाचे विचारार्ह उदाहरण होय.

हा आरसा म्हणजे वस्तुतः चांदीचे एक उथळ पात्र. एल्फांची राणी गॅलाड्रिएल त्यात झऱ्याचे पाणी भरते व त्यावर फुंकर घालते. त्यात घडून गेलेले, घडत असलेले आणि पुढे कदाचित घडेल असे, तिन्ही दिसते. मात्र यांपैकी कोणते दृश्य कोणत्या काळाचे हे पाहणाऱ्यास कळत नाही. शिवाय काही गोष्टी, त्या टाळण्यासाठी पाहणाऱ्याने आपली वाट सोडली तरच, घडून येतात, असा इशाराही ती देते. ‘मॅक्बेथ’मधील (शिरवाडकरांच्या ‘राजमुकुट’चे हे मूळ) चेटकिणींच्या भविष्याशी तुलना केली असता यातील वेगळेपण स्पष्ट होते. तेथे भविष्य निश्चित असून संदिग्धता शब्दांत आहे. येथे दृश्य स्वच्छ असून संदिग्धता काळात आहे.

यावर एक गंभीर आक्षेप घेता येतो. फ्रोडोचा सेवक सॅम या पाण्यात आपल्या शायर प्रांतातील झाडे तोडली जात असल्याचे, जुन्या गिरणीच्या जागी विटांची मोठी इमारत उठत असल्याचे आणि आपला म्हातारा बाप ढकलगाडीवर चीजवस्तू लादून निघाल्याचे पाहतो. तिसऱ्या खंडाच्या अखेरीस तो परततो, तेव्हा हा विध्वंस खरोखरच झालेला असतो. फ्रोडोला दिसलेल्या दृश्यांचेही बहुतांशी तसेच. मग ‘कदाचित घडेल’ हे नुसते बोलणेच ठरत नाही काय? न घडलेले भविष्य या कादंबरीत आहे तरी कोठे?

आक्षेपाचा पहिला भाग सॅमच्या पुढील कृतीने दुबळा होतो. दृश्य पाहताच तो घरी धावू पाहतो. परंतु क्षणभराने, परतायचे तर फ्रोडोबरोबर लांबच्या वाटेनेच, एरवी नाही, असे ठरवितो. दृश्य खरे होते. त्यावरून ‘म्हणून आता परतावे’ हा निघणारा निष्कर्ष मात्र खरा नव्हता. शिवाय ते दृश्य अंतिमही नव्हते. निरोप घेताना गॅलाड्रिएलने सॅमला आपल्या बागेतील माती व एक बी दिलेले असते आणि त्याच मातीने तो शायरची झाडे पुन्हा उभी करतो. आरशाने विध्वंस दाखविला, त्यानंतरची लागवड दाखविली नाही.

खरे दृश्यही कसे घातक ठरू शकते, हे गोंडोरचा कारभारी डेनेथॉर याच्या शोकांतिकेवरून दिसते. त्याच्यापाशी पॅलान्टीर नावाचा दर्शनगोल आहे. तो भविष्य दाखवीत नाही, पण दूरचे दाखवितो. नदीवरून येणारी काळ्या शिडांची गलबते ही शत्रूची कुमक आहे असे समजून डेनेथॉर हताश होतो व स्वतःला जाळून घेतो. त्या गलबतांवर वस्तुतः ॲरागॉर्न मदत घेऊन येत असतो. लक्षणीय गोष्ट अशी की, आरशात फ्रोडोलाही काळ्या शिडांचे जहाज दिसले होते. परंतु त्याबरोबर सकाळचे ऊन होते आणि पांढऱ्या वृक्षाचे चिन्ह असलेला ध्वजही होता. फ्रोडोने त्यावरून कोणताच निर्णय घेतला नाही. डेनेथॉरने अर्धे पाहिले आणि शेवट गृहीत धरला.

आता आक्षेपाचा दुसरा भाग. न घडलेले भविष्य कादंबरीत आहे, परंतु ते पाण्यात नाही. आरसा पाहून झाल्यावर फ्रोडो सत्तेची अंगठी गॅलाड्रिएलला देऊ करतो. त्या क्षणी, अंधाराच्या अधिपतीच्या जागी आलेली, सर्वांना मोहविणारी व भयभीत करणारी राणी म्हणून ती स्वतःला उभी करते. हे भविष्य पूर्णपणे शक्य आहे आणि तिला हवेसेही वाटले आहे. ते टळते, कारण ती अंगठी नाकारते आणि त्याबरोबर आपल्या ऱ्हासाचा स्वीकार करते. आरशाचा प्रसंग आणि हा नकार टॉल्किनने एकाच प्रकरणात ठेवले आहेत. पहिल्याचा अर्थ दुसऱ्यावाचून पुरा होत नाही.

या दृष्टीने पाहता आरसा हे कथानकाला पूर्वसूचना पुरविणारे साधन म्हणून दुय्यमच ठरते. त्याचे खरे कार्य पाहणाऱ्याची इच्छा उघडी करण्याचे आहे. या कादंबरीत भविष्य टळते ते आधी दिसल्यामुळे नव्हे. कोणीतरी हातात येऊ पाहणारी सत्ता सोडतो म्हणून. जादूच्या वस्तूचे साहित्यातील मूल्य ठरविताना ती काय दाखविते यापेक्षा, ती दाखविल्यावर पात्राकडे काय मागते, हा प्रश्न अधिक उपयुक्त ठरावा.