आज्ञापत्रांतील केराचें कलम व हिंगोलीकडील कागद

रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रांत (इ. स. १७१५-१६) दुर्गप्रकरणीं केराविषयीं एक कलम आहे. त्यास मराठी मुलखांतील वन्यजीवरक्षणाचा आद्य नियम म्हणण्याचा मोह होतो. तो कितपत साधार आहे, हें पाहणें अवश्य आहे.

कलमाचा आशय असा : गडावरील वाटांवर, बाजारांत व तटावर केर पडूं देऊं नये; झाडलेला केर गडाखालीं न लोटतां जागच्या जागीं जाळावा आणि राख परसांत घालून भाजीपाला करावा. यांत पशुपक्ष्यांचें नांव नाहीं. गड नांदता व झुंजता राहावा, हा प्रकरणाचा हेतु. आरमारप्रकरणीं आंबे-फणस तोडण्याची मनाई आहे, तिचेंहि कारण रयतेचें दुःख हेंच दिलें आहे. पाखरांचा आसरा नव्हे. तेव्हां आजचा हेतु जुन्या लेखकाच्या माथीं मारणें आम्हांस प्रशस्त वाटत नाहीं.

तथापि कलमाचें मोल कमी नाहीं. केर दृष्टीआड केला म्हणजे नाहींसा झाला, ही समजूत त्यास मान्य नाहीं. उतारावर लोटलेली घाण पावसानें ओढ्यास मिळते व तेथें पाणी पिणाऱ्या जनावरांस बाधते. मात्र जाळण्याचा उपाय पालापाचोळ्यापुरता खरा. प्लास्टिक जाळल्यास विषारी धूरच पसरतो.

ब्रिटिश हिंदुस्थानांत वन्य पक्ष्यांसंबंधीं १८८७ सालीं व पशुपक्ष्यांसंबंधीं १९१२ सालीं कायदे झाले. पण त्यांचा रोख धरण्या-मारण्यावर होता, केरावर नव्हे. जलप्रदूषणाचा केंद्रीय कायदा १९७४ चा.

शिवाय हिंगोली, वसमत, कळमनुरी या टापूवर आज्ञापत्राचा अंमल कधींच नव्हता. तो १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यांत असल्यानें ब्रिटिश हद्दींतील कायदेहि तेथें आपोआप लागू नव्हते. म्हणून एका ग्रंथावरून साऱ्या मराठी मुलखाची रीत ठरविणें सयुक्तिक नाहीं. तेथील रीत तेथील कागदांवरूनच ठरली पाहिजे.

असे कागद शोधावयाचे तर औंढा नागनाथासारख्या देवस्थानाच्या परिसरांत, गांवकीच्या दप्तरांत आणि हिंगोलीस हैदराबाद कंटिंजंटची छावणी होती, तिच्या लेखांत शोधावे. बारव उपसणें, तळें राखणें, गुरांचा पाणवठा निराळा ठेवणें, असल्या मजकुराच्या मोडी वा फारशी चिठोऱ्यास आम्ही संग्राहक सनदेपुढें रद्दी समजतों. या प्रश्नाचा निकाल त्याच रद्दींत आहे. ज्यांच्या संग्रहीं असें कांहीं असेल त्यांनीं तें मूळ पाठ व मिति यांसह प्रसिद्ध करावें, अशी विनंति आहे.