परतणारी नायिका, परतलेला चित्रपट

'गिलिऊ को' हा तागालोग भाषेतील संगीतप्रधान चित्रपट १९३९ सालचा. शीर्षकाचा भाव 'जिवलगा' या आपल्या संबोधनाजवळ जाणारा. फिलिपाइन्समधील एल. व्ही. एन. या पुढे नावारूपास आलेल्या चित्रसंस्थेची ही पहिली निर्मिती. दिग्दर्शक कार्लोस व्हँडर टोलोसा; नायिका मिला देल सोल, तेव्हा अवघी सोळा वर्षांची.

कथानक साधे आहे. शेतकरी घरातील मुलगी, तिचा गावातला सखा, शहरी वळणाचा जमीनदारपुत्र आणि मनिलाच्या रेडिओवर गाण्याचे स्वप्न. पुढे भ्रमनिरास, आणि गावाकडे परतणे. गाव म्हणजे निष्ठा आणि शहर म्हणजे मोह, हा निवाडा कथेने आधीच करून ठेवला आहे.

तो आम्हांस मान्य नाही, आणि आमच्या मते चित्रपटातील गाण्यांनाही नाही. ज्या ध्वनिक्षेपकाच्या ओढीने नायिका वाट चुकते, त्याच जातीच्या यंत्राने तिचा आवाज आपणांपर्यंत आणला. शहर नसते, तर हा चित्रपटच नसता. कथा मोहाला दोष देते. गाणे मात्र त्या मोहाची बाजू मांडते. सारसुएला हे तेथील संगीतनाटक. संगीत नाटकावर वाढलेल्या आपल्या रसिकांस, गद्याने आवरलेले पदाने मोकळे होते, हे नव्याने सांगावयास नको. येथे ते दिग्दर्शकाच्या नकळत घडले असावे; आम्हांस तेच या कृतीचे बळ वाटते. शेवट मात्र घाईचा आहे. परतलेल्या मुलीच्या स्वप्नाचे काय झाले, हे कोणी विचारीत नाही.

या चित्रपटाचे दैवही विलक्षण. महायुद्धाच्या विध्वंसात आणि पुढील हेळसांडीत त्या देशाचे युद्धपूर्व चित्रपट बहुतेक नाहीसे झाले; उरले ते बोटांवर मोजण्याइतके. १९९८ साली ऑस्ट्रेलियातील राष्ट्रीय चित्रसंग्रहाच्या साहाय्याने 'गिलिऊ को'चे पुनरुज्जीवन झाले. परत येण्याची थोरवी सांगणारी कृती परक्या हातांच्या आधाराने वाचली.

पिढ्यांपूर्वी आपले पूर्वज गाव सोडून आले, म्हणून त्यांची निष्ठा उणी ठरली नाही. जपणूक जाण्याने मोडतेच असे नाही. कित्येकदा ती दूरच्या घरीच होते. कथेने नाकारलेले हे सत्य चित्रपटाच्या नशिबाने सिद्ध केले आहे.