लिलिपुटमधील घड्याळाचे दैवत
स्विफ्टच्या 'गलिव्हर्स ट्रॅव्हल्स'मध्ये (१७२६) लिलिपुट साम्राज्याचे दोन अधिकारी गलिव्हरचे खिसे तपासताना त्याच्या घड्याळाची नोंद करतात: पाणचक्कीसारखा अखंड आवाज करणारे हे यंत्र एक तर अज्ञात प्राणी असावे, किंवा त्याचे दैवत. हा निव्वळ अज्ञानाचा विनोद मानणे अपुरे होय. त्यांचे निरीक्षण अचूक आहे. तबकडीवरील आकृत्यांना स्पर्श करू जाता पारदर्शक आवरणाशी बोट अडते, हेही ते टिपतात. दैवताकडे त्यांचा कल झुकतो तो गलिव्हरच्याच बोलण्यामुळे. यास विचारल्यावाचून आपण क्वचितच काही करतो, असे सांगून तो घड्याळाला देववाणी म्हणतो. त्याला लिलिपुटची भाषा नीट बोलता येत नाही, ही पुस्तीही अधिकारी जोडतात. लक्षणेने बोललेले येथे वाच्यार्थाने घेतले गेले; मात्र तो वाच्यार्थ खोटा होता, असे स्विफ्ट कोठेही सुचवीत नाही.