एसटीत लागलं म्हणं

अकलूजच्या स्टँडवर पुण्याच्या गाडीची वाट बघत बसलो होतो. शेजारी दोन बायका. एकीनं दुसरीला विचारलं, ‘‘तुमचं पोरगं एसटीत लागलं म्हणं?’’ दुसरीचा चेहरा उजळला. ‘‘लागलं की. कंडक्टर हाय आता.’’ माझ्या दुसऱ्या बाजूला स्पर्धा परीक्षेचं जाड पुस्तक मांडीवर घेऊन एक मुलगा बसला होता. पहिला प्रश्न ऐकून त्यानं मान वर केली होती, ‘कंडक्टर’ ऐकून परत खाली घातली. त्यानं काय ऐकलं असेल ते मला कळलं, कारण क्षणभर मीही तेच ऐकलं होतं.

एसटीत लागणं म्हणजे महामंडळात नोकरी लागणं. एसटीतून लागणं म्हणजे अनुसूचित जमातीच्या जागेवर निवड होणं. मधे फक्त एका विभक्तिप्रत्ययाचं अंतर आहे, आणि बोलताना लोक तेही नीट पाळत नाहीत. खात्री करायची असेल तर फोनवर ‘एसटी आरक्षण’ एवढंच टाकून बघा. एका बाजूला तिकीट बुकिंग येतं, दुसऱ्या बाजूला मोर्चे, उपोषणं आणि कोर्टाच्या बातम्या. जागा दोन्हीकडे राखीवच आहेत.

एरवी आपण गोंधळत नाही, कारण मराठीनं या दोन एसट्यांना वेगवेगळं व्याकरण दिलंय. बस ही बाई आहे. ती एसटी येते, चुकते, बंद पडते, आणि संपात उभ्या राहतात त्या चार एसट्या. खेड्यात तर ती कधीच ‘यष्टी’ होऊन इंग्रजीतून निघून गेली. दुसऱ्या एसटीला लिंग नाही, अनेकवचन नाही. ती कुठं येत नाही की जात नाही. तिच्यात फक्त असता येतं किंवा नसता येतं. वाक्यात ‘चुकली’ आलं की बस, ‘व्हॅलिडिटी’ आलं की जमात. (तिसरी एक एसटी डॉक्टरांकडे असते, ईसीजीच्या कागदावर. ती वर गेली तर हे सगळं बाजूला ठेवून ॲडमिट व्हायचं.)

दोघींत बस थोरली. १ जून १९४८ रोजी पुणे ते अहमदनगर अशी पहिली गाडी सुटली, तेव्हा राज्याचं नाव मुंबई होतं आणि ‘स्टेट ट्रान्सपोर्ट’मधलं स्टेट म्हणजे तेच. अनुसूचित जमातींची यादी राष्ट्रपतींच्या आदेशानं सप्टेंबर १९५० मध्ये आली. पुढं राज्य फुटलं, महाराष्ट्र आणि गुजरात वेगळे झाले, पण एसटी हा शब्द दोघांनीही घरी नेला. गुजरातीतही सरकारी बस एसटीच. उत्तर प्रदेशात किंवा राजस्थानात तिला रोडवेज म्हणतात, त्यामुळं तिथल्या पोराला हा लेख समजावून सांगताना पहिल्या परिच्छेदातच दम लागेल.

पहिली गाडी जिथं पोचली त्या नगराचं नाव आता अहिल्यानगर आहे. अहिल्याबाई होळकरांची जयंती ३१ मे, एसटीचा वाढदिवस १ जून. आमच्या भागात हे दोन दिवस स्टेटसवर लागोपाठ येतात. धनगर समाजातल्या या राणीचं नाव शहराला मिळालं, त्याआधी सोलापूरच्या विद्यापीठाला मिळालं. जे अजून मिळालेलं नाही ते दोन अक्षरांत आहे, आणि त्या दोन अक्षरांकडे मी वळणारच आहे. पण आधी सरकारी मराठीशी थोडं भांडायचंय.

आपल्या जुन्या संक्षेपांची एक रीत होती. रा. रा., सा. न. वि. वि., ता. क., मु. पो.: शब्दाचं पहिलं अक्षर घ्यायचं आणि टिंब द्यायचं. त्यात कापाकापी असली तरी ओळख राहायची. मु. पो. अकलूज, ता. माळशिरस, जि. सोलापूर असा पत्ता लिहिताना अकलूजकराला दरवेळी आपल्या गावापेक्षा लहान वाटणाऱ्या गावाचं नाव तालुका म्हणून लिहावं लागतं. त्या ‘ता.’वर इथल्या बऱ्याच लोकांचा राग आहे. तो गाड्यांच्या नंबर प्लेटवर निघतो, कारण एमएच ४५ मात्र अकलूजचा आहे. पोरं गाडीवर नुसतं ‘४५’ लिहितात, आणि ज्याला कळायचं त्याला कळतं.

सरकारनं हीच रीत उचलली आणि बसला केलं ‘रा. प.’. आगाराच्या पाटीवर रा. प. असतं, पण ‘रा. प. आली का?’ असं विचारणारा माणूस मला आजवर भेटलेला नाही. इथं काही बिघडत नाही. पाटी पाटीच्या जागी राहते, लोक लोकांच्या.

बिघडतं ते दुसऱ्या ठिकाणी. अनुसूचित जातीचा सरकारी संक्षेप ‘अ. जा.’ आणि अनुसूचित जमातीचा ‘अ. ज.’. फरक एका कान्याचा. निवडणुकीच्या कागदावर आमचा मतदारसंघ ‘२५४ माळशिरस (अ. जा.)’ असा छापतात. झेरॉक्सची झेरॉक्स काढली की काना पुसट होतो आणि मतदारसंघ कागदावरच्या कागदावर जमातीसाठी राखीव होऊन बसतो. मतदारसंघाचं काही अडत नाही, पोराचं अडतं. आमच्या गल्लीतल्या एका मुलाच्या प्रवेशाच्या यादीत ‘अ. जा.’चं ‘अ. ज.’ झालं होतं. कॉलेजचं नाव सांगत नाही. त्याची जात खरी, दाखला खरा, गुण खरे, खोटा होता तो फक्त गळालेला काना. तो लावून घ्यायला त्याच्या वडिलांचे रोजगाराचे तीन दिवस गेले, आणि खिडकीपलीकडून त्यांना ऐकवलं गेलं की फॉर्म नीट भरायचा असतो. फॉर्म त्यांनी नीटच भरला होता. ज्यानं दोन वेगळ्या समाजांना, दोन वेगळ्या इतिहासांना, १३ टक्के आणि ७ टक्के अशा दोन वेगळ्या हिश्शांना एका कान्यानं वेगळं करायचं ठरवलं, त्याला मात्र कुठल्याच खिडकीवर कुणी काही विचारत नाही.

म्हणून लोक ‘एससी’, ‘एसटी’ म्हणतात. इंग्रजीच्या हौसेपोटी नाही. कानाला दोन्ही स्पष्ट वेगळे ऐकू येतात म्हणून. पण या सोयीत एक गोष्ट हरवली. ‘अनुसूचित’ या शब्दात सूची आहे, यादी आहे. अनुसूचित जमात म्हणजे विशिष्ट यादीत नाव असलेली जमात. यादी कुणीतरी केली, कुठल्या तरी साली केली, त्यात अमुक स्पेलिंग लिहिलं, हे सगळं त्या शब्दात दिसतं. ‘एसटी’त दिसत नाही. ‘एसटी’ ऐकलं की वाटतं, ही माणसाची जातच आहे, रक्तगटासारखी. आमच्या भागातली सगळ्यात मोठी लढाई नेमकी यादीची आहे, आणि आपण तिच्याबद्दल बोलतो ते यादी हा शब्दच नसलेल्या भाषेत.

माळशिरस तालुक्यात धनगर समाज मोठ्या संख्येनं आहे. राज्याच्या यादीत तो भटक्या जमातींत येतो, भ. ज. (क), पोरांच्या तोंडी एनटी-सी, आरक्षण साडेतीन टक्के. (‘भटक्या जमाती’त जमात आहेच, पण ही जमात ती जमात नाही. इथं नवखा माणूस हमखास गळपटतो.) केंद्राच्या अनुसूचित जमातींच्या यादीत महाराष्ट्रासाठी ३६ व्या क्रमांकावर ‘ओरांव, धनगड’ अशी नोंद आहे. ओरांव मूळचे छोटानागपूरकडचे आदिवासी. धनगर समाजाचं म्हणणं, हे धनगड म्हणजे आम्हीच. हिंदीतल्या ‘ड़’चा उच्चार र आणि ड यांच्या मधला, इंग्रजीत तो कधी आर होतो, कधी डी. साहेबाच्या कागदावर र चा ड झाला आणि आम्ही बाहेर राहिलो. आदिवासी संघटनांचं म्हणणं, धनगड आणि धनगर हे वेगळे लोक आहेत, नावं सारखी ऐकू आली म्हणून इतिहास सारखा होत नाही.

इथं शब्द नीट वाचायला हवेत, कारण बातम्या ते वाचत नाहीत. वर्तमानपत्रं लिहितात: धनगरांची ‘एसटीत समावेशाची’ मागणी. पण आंदोलनाच्या बॅनरवर बहुतेक वेळा शब्द असतो ‘अंमलबजावणी’. समावेश मागतो तो बाहेरचा असतो, अंमलबजावणी मागणारा सांगत असतो की मी आतच आहे, तुम्ही वाचायला चुकलात. आणि विरोध करणाऱ्यांचा शब्द आहे ‘घुसखोरी’. एकाच गोष्टीची ही तीन नावं. ज्यानं यातला एक शब्द उचलला त्यानं निकाल आधीच लावला. चौथा, तटस्थ शब्द मराठीत आहे का? मला सापडलेला नाही. म्हणून बातमीदार ‘एसटीचा प्रश्न’ म्हणून मोकळा होतो.

कोर्टाची वाचनपद्धत वेगळी. राज्यघटनेच्या ३४२ व्या कलमानुसार ही यादी राष्ट्रपती जाहीर करतात आणि नंतर तीत भर किंवा घट करायचा अधिकार फक्त संसदेला आहे. विदर्भातल्या हलबा-कोष्टींच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं २००० साली सांगितलं की यादीत ‘हलबा’ असेल तर ‘हलबा’च वाचायचं, शेजारी ‘कोष्टी’ जोडून वाचायचं नाही. फेब्रुवारी २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं धनगड म्हणजेच धनगर असं म्हणणाऱ्या याचिका फेटाळल्या. साहित्याच्या वर्गात आपण शिकतो की शब्दाचा अर्थ संदर्भावरून लावायचा. या यादीपुढं ते चालत नाही. अक्षर जसं छापलं तसं. समीक्षक म्हणून मला हे वाचन कोरडं वाटतं. पण ते सैल केलं तर उद्या प्रत्येक जवळपासच्या उच्चाराचा माणूस दारात उभा राहील, आणि ज्यांच्यासाठी यादी केली ते मागं ढकलले जातील. ही आदिवासींची भीती काल्पनिक नाही. एका अक्षरापायी तीन पिढ्या अडल्या, असं सांगणाऱ्या म्हाताऱ्याचा रागही काल्पनिक नाही. मी दोन्ही बाजूंच्या घरी जेवलोय, त्यामुळं इथं मला सोपं बोलता येत नाही.

२०१४ साली बारामतीत उपोषण झालं. सप्टेंबर २०२४ मध्ये आमच्या शेजारच्या पंढरपुरात झालं. त्यानंतर काही दिवसांतच, ४ ऑक्टोबरला, विधानसभेचे उपाध्यक्ष नरहरी झिरवाळ आणि काही आदिवासी आमदारांनी याच मागणीच्या विरोधात मंत्रालयातल्या सुरक्षा जाळीवर उड्या टाकल्या. फोनवर तो व्हिडिओ तुम्हीही पाहिला असेल. त्याखाली आमच्याकडच्या एका पोरानं कमेंट टाकली होती: ‘आत बसलेल्यांना नेहमी गाडी फुल्लच दिसते.’

कमेंट चपखल आहे, आणि या दुहेरी शब्दानंच ती सुचवली आहे. ‘एसटीत घ्या’ म्हटलं की डोळ्यांपुढं लाल गाडी येतेच. दारात लोंबकळणारा म्हणतो पुढं सरका, आत बसलेला म्हणतो जागा नाही, आणि तोच आत शिरला की पुढच्या स्टॉपवर तोही म्हणतो जागा नाही. हे आपण शंभरदा पाहिलंय. म्हणूनच ते चित्र धोक्याचं आहे. गाडीत बसलेल्यानं तिकीट काढलेलं असतं आणि त्याला टेंभुर्णीला उतरायचं असतं. यादीत असलेल्या कातकऱ्यानं किंवा कोलामानं कुठलं तिकीट काढलं होतं? त्याच्या आजोबानं जंगल गमावलं ते तिकीट धरायचं का? आणि बाहेर उभा असलेला मेंढपाळ गाडी हुकली म्हणून तिथं नाही. त्याच्या म्हणण्यानुसार त्याचं नाव रिझर्व्हेशन चार्टवर आहे, फक्त चुकीचं टाइप झालंय. बसचं चित्र दोघांनाही नुसते प्रवासी करून टाकतं. विनोद म्हणून तो चालेल, भूमिका म्हणून चालणार नाही.

व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’ १९५५ ची. माडगूळ इथून फार लांब नाही, माणदेश आमच्या तालुक्याला खेटूनच लागतो. तरुण मास्तर पायी चालत धनगरांच्या वाडीत पोचतो. त्यात मेंढरं आहेत, तालीम आहे, दुष्काळ आहे आणि शेवटी पांगत जाणारी माणसं आहेत. एसटी नाही, दोन्ही अर्थांनी नाही. काळ स्वातंत्र्यापूर्वीचा, औंध संस्थानातला. यादी व्हायची होती, गाडी यायची होती. पुस्तक छापून बाहेर पडलं तोवर मात्र यादी होऊन पाच वर्षं झाली होती. मला ते पुस्तक हल्ली वाचताना हेच डोक्यात येतं की कारभाऱ्याला कुणी विचारलं असतं, तुमचं नाव र नं लिहू का ड नं, तर त्यानं काय सांगितलं असतं? बहुधा काहीच नाही. त्याला लिहिता येत नव्हतं आणि ऐकू तर बरोबरच येत होतं.

एसटीच्या बोधवाक्यात ‘बहुजन हिताय, बहुजन सुखाय’ आहे. गाडीत आमदारांची सीट राखीव, महिलांची राखीव, दिव्यांगांची राखीव, आणि हे सगळं खिडकीवर पूर्ण शब्दांत रंगवलेलं असतं. संक्षेप नाही. रंगवणाऱ्या पेंटरला कळत होतं की हे वाचून माणसाला उठायचं असतं किंवा बसायचं असतं, त्यामुळं एकही अक्षर गाळून चालणार नाही.

पुण्याची गाडी लागली तेव्हा तो पुस्तकवाला मुलगा माझ्या आधी चढला. मला वाटलं तोही पुण्याला क्लाससाठी चालला असेल. विचारलं तर म्हणाला, ‘‘नाही, इंदापूर. कागद द्यायचेत.’’ कसले, ते मी विचारलं नाही. कंडक्टरनं त्याला तिकीट दिलं, त्यानं ते दुमडून पुस्तकात खूण म्हणून ठेवलं, आणि पान उघडलं तेव्हा वरचं शीर्षक मला दिसलं: ‘आरक्षण: घटनात्मक तरतुदी’. गाडी नीरेच्या पुलावर येईपर्यंत तो झोपला होता.