शाळेतला क्षेत्रभेटीचा अहवाल आणि तुमचा संशोधन प्रस्ताव

दहावीच्या भूगोलाचं पुस्तक घरात असेल तर काढा. बालभारतीचं, २०१८ चं, भारत आणि ब्राझीलची तुलना करणारं. पहिलाच धडा ‘क्षेत्रभेट’ : नळदुर्गहून अलिबागपर्यंतचा प्रवास. पीएचडीचा प्रस्ताव लिहायला बसण्याआधी हा धडा एकदा वाचाच. प्रस्तावात आपण ज्या गोष्टी करतो, त्यांची सवय बऱ्याचदा इथूनच लागते. चांगलीही आणि वाईटही.

आधी चांगलं. पठारावरून घाट उतरून किनाऱ्यापर्यंत जाताना भूरूपं, झाडं, पिकं कशी बदलतात ते डोळ्यांनी बघायचं, हे धडा नीट सांगतो. शिवाय निघण्याआधी प्रश्नावली तयार करायला लावतो. कारखान्याच्या भेटीसाठी प्रश्नावली बनवा, असा प्रश्न स्वाध्यायात आहे. काय विचारायचं हे जाण्याआधी ठरवायला लावणारा धडा दहावीत आहे, ही लहान गोष्ट नाही.

गाडी अडते ती अहवालापाशी. प्रस्तावना, स्थान, भूरचना, हवामान, लोकसंख्या, निष्कर्ष. मथळे ठरलेले. त्यामुळे काम उरतं ते कप्पे भरण्याचं. त्यात ‘क्षेत्रभेटीची आवश्यकता स्पष्ट करा’ या प्रश्नाचं उत्तर गाईडमधून पाठ करता येतं. म्हणजे कुठेही न जाता मार्क मिळतात.

उदाहरण घेऊ. राजगडाच्या पायथ्याचं पाली, ज्याच्या नावाने गडाचा पाली दरवाजा ओळखला जातो. समजा, या गावाचा अहवाल लिहायचाय.

स्थान : नेटवर ‘पाली’ टाका. आधी समोर येतं ते बल्लाळेश्वराचं पाली, रायगड जिल्ह्यातल्या सुधागड तालुक्यातलं. ते सह्याद्रीच्या पलीकडे, कोकणात. पावसाचा आकडा तिथला उचललात तर तुमचं गाव घाट उतरून खाली गेलं! तालुका जुन्या तक्त्यांत वेल्हे, आणि २०२४ च्या सरकारी निर्णयानंतर राजगड. म्हणून आकडा कुठल्या वर्षाचा ते लिहावंच लागतं.

भूरचना : नीरा, वेळवंडी, कानंदी, गुंजवणी या चार नद्यांची नावं असलेलं एक वाक्य राजगडावरच्या असंख्य पानांवर फिरतंय. तेच अहवालात येणार. गडाची उंची कुठे १,३७६ मीटर, कुठे १,३९४. कुठली खरी, हे कोण बघतं? भारतीय सर्वेक्षण विभागाचे १:५०,००० चे नकाशे काढले तर आणखी एक गोष्ट कळते. गड १८ अंश १५ मिनिटे या अक्षवृत्ताला खेटून आहे आणि जुन्या क्रमांकाप्रमाणे ४७ एफ/११ व ४७ एफ/१२ या दोन शीटांचा सांधा तिथेच येतो. परिसर समजायला दोन्ही शीटं शेजारी ठेवावी लागतात.

लोकसंख्या : २०११ च्या जनगणनेचा आकडा, आणि वाक्याच्या शेवटी ‘आहे’. होती म्हणा.

बघा, सगळे कप्पे भरले आणि पालीत कोणी गेलंच नाही. यात मुलांच्या आळसाला दोष देणं सोपं आहे, पण ते पुरं उत्तर नाही. ‘हे तुला कसं कळलं?’ असा रकानाच साच्यात नाही. एमएच्या प्रबंधात याच साच्याला ‘अभ्यासक्षेत्राची ओळख’ म्हणतात आणि तिथेही तो तसाच भरला जातो.

मग काय करायचं? सगळं सांगायचा हट्ट सोडा, एकच प्रश्न घ्या. उदाहरणार्थ : गावातली किती घरं आठवड्याच्या मधल्या दिवशी बंद असतात आणि त्यातली किती गणपतीत उघडतात? दोन फेऱ्या, एक कच्चा नकाशा, एक तक्ता. कामासाठी पुण्या-मुंबईला गेलेल्यांबद्दल यातून जे कळेल, ते २०११ च्या एका आकड्यातून कळणार नाही.

पण मोजायला लागलात की अडचणी येतात, आणि खरं शिक्षण तिथे सुरू होतं. गोठा घरात धरायचा का? कुलूप दिसलं म्हणजे माणसं गाव सोडून गेली, की भाताच्या लावणीला शेतावर गेलीत? मग फेरी दुपारी न मारता संध्याकाळी मारावी लागेल. दोन भावांनी वाटून घेतलेलं घर एक की दोन? हे निर्णय अहवालात लिहा. मार्गदर्शक तुम्हाला प्रस्तावात ‘कार्यपद्धती’ लिहायला सांगतात, ती हीच.

सादरीकरणाचंही तेच. दहा स्लाईड मोठ्याने वाचून दाखवणं म्हणजे सादरीकरण नव्हे. नकाशा, तक्ता, आणि ‘यावरून काय सांगता येत नाही’ हे एक वाक्य, एवढं पुरतं. बंद घरं मोजून लोक का गेले ते कळत नाही, त्यासाठी विचारावं लागतं. आणि जमलं तर अहवाल आधी त्याच गावात वाचून दाखवा. गावकरी सर्वेक्षणाला उत्तरं देतात, अहवाल मात्र सहसा त्यांच्यापर्यंत परत येत नाही. ‘ते घर बंद नाही, म्हातारी मागच्या दाराने ये-जा करते’ ही दुरुस्ती तुम्हाला कुठलाही परीक्षक देऊ शकणार नाही.

आता तुमचा प्रस्ताव काढा. प्रत्येक वाक्यासमोर पेन्सिलीने एकच शब्द लिहा : पाहिलं, मोजलं, विचारलं, वाचलं. ज्या वाक्यासमोर यातलं काहीच लिहिता येत नाही, ते आजच खोडा.